दूरचा बेत आणि मधला अधिकारी

स्मरणिकेसाठी काही लिहून द्या असा निरोप संपादक मंडळाकडून आला, तेव्हा मी प्रथम नकारच देणार होतो. उभा जन्म वडोदऱ्यातील एका रासायनिक कारखान्यात गेला. लेखणीशी संबंध आला तो लॉगबुक भरण्यापुरता. परंतु मंडळाने विषयही सोबत पाठविला होता, आणि तो असा होता की त्यातून अंग काढून घेणे मला प्रशस्त वाटेना. कारखान्याचे वरिष्ठ दहा-पंधरा वर्षांचा बेत आखतात. तो मधल्या अधिकाऱ्यांना आपला कसा वाटावा, असा हा विषय. यात माझे स्वतःचे एक जुने देणे आहे. ते ओघाने येईलच.

सभासद बंधुभगिनींना हा विषय परका वाटू नये. आपल्यापैकी पुष्कळांचे आजे-पणजे या शहरात आले ते गायकवाड सरकारच्या चाकरीच्या निमित्ताने. कोणी कारकून झाले, कोणी अव्वल कारकून, कोणी वहिवाटदार. १९४९ साली संस्थान विलीन झाले, १९६५ मध्ये कोयलीची रिफायनरी सुरू झाली, खताचे व पेट्रोकेमिकल्सचे कारखाने उभे राहिले, आणि त्याच घरांतील मुले फोरमन, पाळीप्रमुख, सुपरिंटेंडेंट म्हणून तेथे लागली. काळ बदलला, जागा मात्र तीच राहिली. वर साहेब, खाली कामगार आणि मध्ये आपण. महाराजा सयाजीरावांनी सक्तीचे प्राथमिक शिक्षण १८९३ साली अमरेली तालुक्यातील मोजक्या गावांत सुरू केले आणि सर्व राज्यास ते लागू झाले १९०६ साली, हे आपण अभिमानाने सांगतो. मधली तेरा वर्षे मात्र आपल्या बोलण्यात येत नाहीत. हुकूम काढणारे महाराज एक होते. गावोगाव मुलांच्या याद्या करणारे, पटावर नाव आणि वर्गात मूल यांचा मेळ घालणारे आणि आईबापांचे बोल ऐकून घेणारे लोक मधले होते. त्यांनी मनावर घेतले नसते तर हुकूम दप्तरात राहिला असता.

आता माझी हकीकत सांगतो. १९८६ साली आमच्या कारखान्याने दशवार्षिक योजना जाहीर केली. तिचे सार असे की, यंत्रे अवचित बंद पडून जे तास वाया जातात ते दहा वर्षांत निम्म्यावर आणावयाचे. त्यासाठी प्रत्येक मोठे यंत्र, चालत असले तरी, ठरल्या तारखेस थांबवून उघडावयाचे आणि तपासून पुन्हा लावावयाचे. योजना चांगली होती. आज इतक्या वर्षांनीही मी तिला नावे ठेवणार नाही. सभागृहात आम्हां सर्व अधिकाऱ्यांना बोलाविण्यात आले, पडद्यावर आलेख दाखविले गेले, गुळगुळीत कागदावर छापलेली पुस्तिका प्रत्येकाच्या हाती दिली गेली आणि शेवटी बटाटेवडे व चहा झाला. मुख्य साहेब म्हणाले, ‘ही योजना तुमची आहे.’ आम्ही टाळ्या वाजविल्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी आठ वाजता माझ्या टेबलावरचा टेलिफोन वाजला. तो रोजच वाजत असे आणि रोज एकच प्रश्न येत असे : ‘काल किती टन?’ त्या दिवशीही तोच प्रश्न आला.

माझ्या विभागात तीन कॉम्प्रेसर होते. तिन्ही चालले तरच उत्पादन पुरे पडे. योजनेप्रमाणे दर महिन्याला त्यांतला एक दिवसभर थांबवावयाचा, म्हणजे त्या दिवशीचे उत्पादन तिसऱ्या हिश्शाने उतरणार; आणि दुसऱ्या दिवशी सकाळी आठ वाजता ते मला तोंडाने सांगावे लागणार. पहिल्या महिन्यात मी रजिस्टरात लिहिले, ‘उत्पादनाच्या निकडीमुळे काम पुढील महिन्यात घ्यावे.’ वरिष्ठांची त्यावर सही झाली. दुसऱ्या महिन्यात तेच वाक्य, तीच सही. असे सात महिने गेले. मी योजनेच्या विरुद्ध एक अवाक्षर काढले नव्हते. बैठकीत मी तिची प्रशंसाच करीत असे, आणि ती खोटी नव्हती.

आठव्या महिन्यात, भर पावसाळ्यात, रात्रपाळीला एका कॉम्प्रेसरच्या व्हॉल्व्हची चकती तुटून तिचा तुकडा सिलिंडरमध्ये गेला. पिस्टन फुटला. कोणास इजा झाली नाही, ही ईश्वराची कृपा. सुटा भाग परदेशाहून यावयाचा होता. तेवीस दिवस आम्ही दोन यंत्रांवर काढले. एक दिवस वाचविण्यासाठी तेवीस दिवस गेले. चौकशी झाली, परंतु दोष कोणावरच आला नाही, कारण रजिस्टर बिनचूक होते. एवढेच नव्हे, तर वर्षअखेर माझ्या कामाचा शेरा ‘उत्तम’ असा आला. पहिल्या सात महिन्यांचे टन नेहमीपेक्षा जास्त भरले होते ना!

या प्रकारानंतर मी पुष्कळ दिवस विचार करीत होतो. वरिष्ठांच्या खोलीत अशा वेळी जे बोलले जाते ते ठरलेले असते : मधले लोक आडमुठे आहेत, त्यांना नवे काही नको असते, त्यांची दृष्टी जवळची असते. मी आडमुठा नव्हतो. माझी दृष्टी जवळची होती हे खरे, परंतु ती तशी ठेवण्याबद्दलच मला पगार मिळत होता. दहा वर्षांनी काय होईल हे मला कोणी विचारीत नव्हते, काल काय झाले हे रोज विचारीत होते. माणूस जे विचारले जाईल त्याचे उत्तर तयार ठेवतो. पुस्तिकेत काहीही छापलेले असो, कारखान्याचे खरे धोरण सकाळच्या टेलिफोनवर असते, आणि मधल्या अधिकाऱ्याइतके ते कोणालाही कळत नाही.

आणखीही एक गोष्ट असते. साहेब बदलतात. प्रत्येक नवा साहेब आपली नवी योजना आणतो. तीन वर्षांनी तो बदलून जातो, योजना त्याच्यामागून जाते, आणि जिने उत्साहाने ती उचलली असेल ती व्यक्ती उघड्यावर पडते. चार योजना पाहिलेला मधला अधिकारी पाचवीला विरोध करीत नाही. तो मान डोलावतो आणि वाट पाहतो. याला कोणी आळस म्हणेल. मी त्याला अनुभव म्हणेन, आणि तो मोडावयाचा तर उपदेशाने मोडत नाही.

हे केवळ आमच्या कारखान्याचे दुखणे आहे असे मला बरेच दिवस वाटत होते. पुढे, निवृत्तीनंतर, अमेरिकेतील एका मोटार कारखान्याची हकीकत वाचनात आली आणि ध्यानात आले की जगातील सर्वांत मोठ्या कंपनीलाही हेच दुखणे होते. ती हकीकत सविस्तर सांगण्यासारखी आहे.

कॅलिफोर्नियात फ्रीमाँट नावाच्या गावी जनरल मोटर्सचा मोटारी जुळविण्याचा कारखाना होता. त्याची ख्याती वाईट होती. दर दिवशी शेकडा वीसपर्यंत कामगार गैरहजर राहत, कामावर दारू पिणे सर्रास चाले, तक्रारअर्जांचे गठ्ठे निकालाविना पडून असत. तेथील एक नियम मात्र कोणी मोडत नसे : जुळणीची ओळ थांबता कामा नये. गाडीत एखादा भाग उलटा बसला, एखादा बसलाच नाही, तरी ती पुढे सरकवावयाची आणि शेवटी अंगणात नेऊन दुरुस्त करावयाची. १९८२ साली कंपनीने तो कारखाना बंद केला आणि हजारो माणसे घरी बसली.

दोन वर्षांनी, १९८४ मध्ये, त्याच इमारतीत जनरल मोटर्स आणि जपानची टोयोटा यांनी भागीदारीत नवा कारखाना काढला. नाव न्यू युनायटेड मोटर मॅन्युफॅक्चरिंग. आद्याक्षरांवरून लोक त्याला ‘नूमी’ म्हणत. पहिले अध्यक्ष होते टोयोटा घराण्यातील तात्सुरो टोयोडा. टोयोटाला अमेरिकेत अमेरिकन कामगार घेऊन गाड्या कशा बनवाव्या हे शिकावयाचे होते; जनरल मोटर्सला छोटी गाडी नफ्यात कशी बनवावी आणि टोयोटाची पद्धत काय आहे हे पाहावयाचे होते. जुन्या कामगार संघटनेशीच करार झाला आणि जे कामगार घेतले त्यांत शेकडा ऐंशीहून अधिक जुन्या फ्रीमाँटचेच होते. ज्यांना बेशिस्त म्हणून जगाने निकालात काढले होते तीच माणसे!

त्यांतील शेकडो जणांना, तुकड्या-तुकड्यांनी, काही आठवडे जपानमधील टोयोटाच्या ताकाओका येथील कारखान्यात पाठविले. तेथे त्यांनी जपानी कामगारांच्या खांद्याला खांदा लावून काम केले आणि एक अजब गोष्ट पाहिली. ओळीच्या कडेने एक दोरी टांगलेली असे. कामात काही अडले, काही चुकले, वेळ अपुरा पडला, तर कामगाराने ती ओढावयाची. घंटी वाजे, दिवा लागे आणि तुकडीचा प्रमुख धावत येई. ठरावीक खुणेपर्यंत अडचण सुटली तर ठीक. नाही तर सारी ओळ थांबे. जेथे ओळ थांबविणे हा अपराध होता तेथून आलेल्या माणसांना साध्या कामगाराच्या हाती दिलेली ही दोरी पाहून काय वाटले असेल, याची कारखान्यात काम केलेल्यांना कल्पना येईल.

फ्रीमाँटला परतल्यावर हीच व्यवस्था लागू झाली. एका वर्षाच्या आत गैरहजेरी शेकडा दोनवर आली आणि जनरल मोटर्सच्या कारखान्यांत सर्वांत वाईट गणला गेलेला हा कारखाना मालाच्या गुणवत्तेत पहिल्या रांगेत गेला. इमारत तीच होती, कामगार बहुतेक तेच होते आणि संघटनाही तीच. यंत्रेही काही विशेष नवलाची नव्हती.

मग बदलले ते काय? बदलले ते कामगार आणि वरिष्ठ यांच्यामधले सर्व काही. चार-सहा कामगारांमागे एक तुकडीप्रमुख, चार-पाच तुकड्यांमागे एक गटप्रमुख अशी रचना झाली. हुकूम सोडणे हे आता त्यांचे मुख्य काम राहिले नाही. दोरी ओढली की जाणे, अडचण समजून घेणे, ती पुन्हा येणार नाही अशी तजवीज करणे आणि नवे काम शिकविणे, हे मुख्य काम झाले. दोरी किती वेळा ओढली गेली याचा हिशेब होई, परंतु तो दोषारोपासाठी नव्हे. कोणीच दोरी ओढली नाही तर अडचणी झाकल्या जात आहेत, असा अर्थ घेतला जाई. प्रत्येक खात्यात अमेरिकन अधिकाऱ्याच्या जोडीला जपानी सल्लागार होते. ते हुकूम देत नसत, प्रश्न विचारीत. थोडक्यात सांगावयाचे तर ‘काल किती गाड्या?’ या प्रश्नाच्या आधी ‘काल काय अडले?’ हा प्रश्न आला.

येथे थोडे विषयांतर करतो. शिकविण्याची जी पद्धत जपान्यांनी तेथे वापरली, म्हणजे शिकणाऱ्याची तयारी करणे, काम करून दाखविणे, त्याच्याकडून करून घेणे व मागाहून लक्ष ठेवणे, ती मुळात अमेरिकेतीलच. दुसऱ्या महायुद्धात फोरमन लोकांसाठी अमेरिकन सरकारने शिकवणीची जी मोहीम काढली तिच्यातून ती निघाली. युद्ध संपले, अमेरिका ती बव्हंशी विसरली. जपानने उचलली व जपून ठेवली. चाळीस वर्षांनी ती माहेरी आली म्हणावयाची.

परंतु नूमीत मधल्या लोकांचा विश्वास बसला तो या पद्धतीमुळे नव्हे, असे माझे मत आहे. तो बसला १९८८ च्या सुमारास. नूमीची गाडी बाजारात उठेना, कारखान्याची निम्म्याच्या थोडी वर एवढीच शक्ती वापरली जाऊ लागली. अमेरिकन रिवाजाप्रमाणे अशा वेळी माणसे कमी करावयाची. करारात मात्र असे लिहिले होते की, कंपनीच्या जिवावरच बेतल्याखेरीज कामगार कमी करणार नाही आणि त्याआधी अधिकाऱ्यांचे पगार कापले जातील. कंपनीने शब्द पाळला. एकही कामगार कमी केला नाही. रिकाम्या हातांना शिक्षणाच्या व सुधारणेच्या कामाला लावले. त्या दिवसापर्यंत ‘हीही एक योजना, येईल आणि जाईल’ असे म्हणणारा एखादा फोरमन असेल, तर त्याचे तोंड त्या वर्षी बंद झाले असावे. दूरच्या बेतावर विश्वास बसावयाचा तर तो बेत करणाऱ्याने एकदा तरी जवळचे नुकसान सोसलेले मधल्या माणसाने डोळ्यांनी पाहावे लागते. पुस्तिकेच्या कागदाचा गुळगुळीतपणा तेथे कामाला येत नाही.

आता याच गोष्टीची दुसरी बाजू. जनरल मोटर्सने आपले सोळा होतकरू अधिकारी प्रारंभीच नूमीत पाठविले होते. हेतू हा की त्यांनी शिकावे आणि पुढे साऱ्या कंपनीत ही विद्या पसरवावी. ते शिकले आणि भारावून परत निघाले. पण त्यांचे पुढे काय करावयाचे याचा आराखडा कंपनीपाशी नव्हता. कोणी एका कारखान्यात गेला, कोणी दुसऱ्या. एकटा माणूस पाचशे मैलांवरच्या कारखान्यात जाऊन सांगतो की आपण ओळ थांबवू या. त्याच्या भोवतीच्या पन्नास अधिकाऱ्यांना रोज गाड्यांचा आकडा विचारला जातो. त्याचे कोण ऐकणार? जपान्यांनी कोणालाही कारखाना पाहावयास मना केले नव्हते. दोरीचा, दिव्यांचा, मांडणीचा फोटो कोणीही घ्यावा. फोटोत न येणारी गोष्ट मात्र कोणी घेऊन गेले नाही.

लॉस एंजेलिसजवळ व्हॅन नाइज येथे जनरल मोटर्सचाच एक कारखाना होता. १९८७ साली तेथे नूमीच्या धर्तीवर तुकड्यांची पद्धत आणण्याचे ठरले. दोरीही आली. परंतु तेथील मधल्या अधिकाऱ्यांचा बोनस पूर्वीप्रमाणे ओळीवरून उतरणाऱ्या गाड्यांच्या संख्येवरच राहिला. म्हणजे कामगाराने दोरी ओढली की फोरमनच्या खिशातले पैसे जात. वरून सांगावयाचे ‘ओढू द्या’ आणि पगारपत्रक सांगणार ‘ओढू देऊ नका’. माझ्या रजिस्टरातील वाक्याची सख्खी बहीणच ही! शिवाय नव्या पद्धतीत अधिकाऱ्यांची राखीव गाडीतळाची जागा आणि वेगळे उपाहारगृह जावयाचे होते. वाचकांस हे क्षुल्लक वाटेल. वीस वर्षे घासून जो माणूस त्या उपाहारगृहाच्या दारापर्यंत पोहोचला त्याला ते क्षुल्लक वाटत नाही. त्याच्याकडून काय काढून घेतले जात आहे याचा विचार कोणी केला नाही, आणि त्या बदल्यात काय देणार हेही कोणी सांगितले नाही. कामगारांच्या मनातही संशय होता. प्रयोग फसला. १९९२ साली कारखाना बंद पडला; त्याला आणखी कारणेही होती, सारा दोष बोनसवर टाकणे बरोबर होणार नाही. जर्मनीत आयझेनाख येथे मात्र कंपनीने नूमीत तयार झालेल्या माणसांना हाताशी धरून अगदी नव्याने कारखाना उभारला, तो १९९२ मध्ये सुरू झाला आणि उत्तम चालला. तेथे जुना टेलिफोनच नव्हता, असे मी म्हणेन.

जपानी लोक मुळात हे कसे साधतात याविषयी दोन शब्द. झाड उपटून दुसरीकडे लावावयाचे तर माळी आधी मुळांभोवती हळूहळू खणतो, मुळे जपतो, मग झाड उचलतो. याला त्यांच्या भाषेत ‘नेमावाशी’ म्हणतात. कोणताही मोठा निर्णय बैठकीत मांडण्यापूर्वी ज्यांना ज्यांना तो लागणार त्यांच्याशी एकेकट्याने बोलून घ्यावयाचे, त्यांच्या हरकती ऐकावयाच्या, बेतात फेरफार करावयाचा. बैठक ही शेवटी. आपल्याकडे बैठक आधी होते आणि हरकती नंतर, व्हरांड्यात.

दुसरा शब्द ‘होशिन कान्री’. १९६० नंतरच्या दशकात ही रीत तेथील ब्रिजस्टोन टायर, टोयोटा अशा कंपन्यांत रूढ झाली. वरिष्ठ ‘कोठे जावयाचे’ हे थोडक्यात सांगतात. खातेप्रमुख तो कागद घेऊन जातो आणि ‘माझ्या खात्याने एवढे करावयाचे तर मला अमुक लागेल, अमुक सोडावे लागेल’ असे लिहून परत पाठवितो. वरिष्ठ त्यावर पुन्हा विचार करतात. मुले चेंडू फेकतात-झेलतात तसा हा कागद वर-खाली जातो आणि त्या खेळाचेच नाव या प्रकाराला आहे. वेळ लागतो. आमच्या मुख्य साहेबांना हे सांगितले असते तर ते म्हणाले असते, ‘इतका वेळ कोणाला आहे?’ तेवीस दिवस बंद यंत्र पाहावयास वेळ होता.

हा कागद १९८६ साली माझ्याकडे आला असता तर मी काय लिहिले असते? मी लिहिले असते, ‘दर महिन्याला एक दिवसाचे एक-तृतीयांश उत्पादन जाईल. हे आधीच मासिक आकड्यातून वजा धरा. नाही तर एक चौथा कॉम्प्रेसर घ्या. नाही तर ही योजना माझ्या विभागास लावू नका.’ एवढ्या तीन ओळी. त्या मजपाशी पहिल्या दिवसापासून होत्या. त्या कोणी मागितल्या नाहीत आणि मीही उठून सांगितल्या नाहीत. माझे देणे म्हटले ते हे. सभागृहात टाळ्या वाजविण्याऐवजी मी उभा राहिलो असतो तर साहेब रागावले असते कदाचित. पण रागाने नोकरी जात नव्हती.

हे लिहिताना मधल्या अधिकाऱ्याला मी सोवळ्यात बसवीत आहे असा कोणी ग्रह करून घेऊ नये. खुर्चीचा मान जाईल म्हणून चांगल्या बेताची वाट अडविणारेही मी पाहिले आहेत. माहिती दाबून ठेवणारे, खालच्याचे श्रेय स्वतः घेणारे, ‘आम्ही हे पूर्वी करून पाहिले आहे’ या एका वाक्यावर वीस वर्षे काढणारे सर्वत्र असतात. त्यांना योग्य वेळी दुसरे काम द्यावे. परंतु त्यांच्यावरून सर्वांची परीक्षा करू नये. पुष्कळदा मधल्याची कुरकूर हीच पहिली खबर असते की बेतात खोट आहे. जनरल मोटर्सने त्याच दशकात यंत्रमानवांवर अब्जावधी डॉलर खर्च केले आणि डेट्रॉइटमधील एका नव्या कारखान्यात रंग देणारे यंत्रमानव गाड्या सोडून एकमेकांना रंग फाशीत होते, ही हकीकत प्रसिद्ध आहे. ओळीजवळ उभ्या असणाऱ्या माणसाला हे आधी विचारले असते तर स्वस्तात पडले असते.

आपल्या कुटुंबांतील तरुण आता मोठ्या जागांवर जात आहेत. काही तर स्वतःच योजना आखू लागले आहेत. त्यांच्यासाठी एक लहानशी परीक्षा सुचवितो. आपली योजना जाहीर केल्यानंतरच्या आठवड्यात आपण मधल्या अधिकाऱ्यांना जे प्रश्न विचारले ते कागदावर लिहून काढावेत. त्यांत योजनेविषयी किती आणि कालच्या आकड्याविषयी किती, हे मोजावे. मग बढतीचे निकष काढून पाहावेत, बोनसचा हिशेब पाहावा. पुस्तिका पाहण्याचे कारण नाही.

नूमीची अखेर फारशी गोड नाही. १ जून २००९ रोजी जनरल मोटर्सने दिवाळखोरीचा अर्ज केला आणि त्याच वर्षी भागीदारीतून अंग काढून घेतले. १ एप्रिल २०१० रोजी तेथून शेवटची गाडी बाहेर पडली. पुढे ती इमारत टेस्ला कंपनीने घेतली. पंचवीस वर्षे जनरल मोटर्सच्या अंगणातच उत्तम उदाहरण उभे होते. त्यातले काही कंपनीने पुढे उचलले, पण फार सावकाश.

आमच्या कारखान्याचे सांगावयाचे राहिले. अपघातानंतर वर्षभराने नवे वर्क्स मॅनेजर आले. पहिल्या आठवड्यात त्यांनी कोणतीही सभा घेतली नाही. ते प्रत्येक विभागात एकेक दिवस बसले. माझ्या विभागात आले तेव्हा जुने रजिस्टर मागवून घेतले, माझी सात महिन्यांची वाक्ये वाचली आणि काही बोलले नाहीत. फक्त विचारले, ‘हे शक्य व्हावयाला काय लागेल?’ त्या तीन ओळी मी तेव्हा सांगितल्या. मासिक आकड्यातून थांबण्याचे दिवस त्याच महिन्यापासून वजा झाले. चौथा कॉम्प्रेसर यावयास तीन वर्षे लागली. आणि दुसऱ्या सोमवारी सकाळी आठ वाजता टेलिफोन वाजला तेव्हा प्रश्न आला, ‘आज कोणते यंत्र उघडले आहे?’ मी टनांचा आकडा तोंडावर घेऊन बसलो होतो. ‘थांबा, पाहून सांगतो’ म्हणालो आणि चष्मा शोधून रजिस्टर उघडले.